आत्याचा दम

आवडीनं नेम धरला आणि पुन्हा मागे सरली.

चेंडू खळग्यापासून चार पावलांवर होता. हा एवढा आत गेला की गोल्फमधलं राज्याचं अजिंक्यपद तिचं. नाही गेला तर पुण्याच्या पद्मजाशी बरोबरी आणि जादा खेळ. पद्मजाचे हात अजून ताजे होते, आवडीचे नव्हते. मागच्या दोन्ही खळग्यांवर असाच सोपा चेंडू तिनं हुकवला होता.

दोरीपलीकडे पिशोरहून आलेली तिची माणसं ओळीनं उभी होती. सगळी गप्प.

आता पुंजाराम पैलवानाचं घर काही गप्प बसणाऱ्यांचं नव्हे. आवडीचा बाप पुंजारामअण्णा कुस्तीतला, दोन्ही भाऊ कुस्तीतले, आत्या सारजाबाई एके काळी जिल्ह्याच्या कबड्डी संघातली. ही माणसं कुठल्याही मैदानावर गेली की घसा बसवूनच घरी यायची. आजही त्यांनी हलगी वाजवणाऱ्या फकिराला वाद्यासकट जीपमध्ये घातलं होतं आणि शहरातल्या क्रांती चौकात थांबून निकालाआधीच हार घेतला होता. पण छावणीतल्या मैदानाच्या फाटकावर आवडीला खेळ शिकवणाऱ्या श्रीधर सरांनी त्यांना गाठलं. "हलगी गाडीतच ठेवायची. हा गोल्फ आहे. फटका मारताना खोकलासुद्धा नको." सरांचा शब्द म्हणजे वस्तादाचा शब्द. तेव्हापासून घराण्याच्या तोंडाला कुलूप. अण्णांनी तर धोका नको म्हणून उपरण्याचं टोकच दातात धरलं होतं.

आवडीनं एकदा त्यांच्याकडे पाहिलं. ही माणसं इतकी गप्प तिनं एकदाच पाहिली होती, अण्णांचा खांदा निखळला त्या संध्याकाळी. खळग्यात चेंडू ढकलायला ती शिकली ती तालमीच्या अंगणात. शेजारी पोरं जोर मारायची, अण्णा ओरडायचे, म्हैस हंबरायची. त्या गोंधळात तिचा चेंडू सुतासारखा सरळ जायचा.

तिनं काठी बगलेत मारली आणि सरळ पंच दमयंतीबाईंकडे गेली.

"मॅडम, आमच्या माणसांना जरा बोलू द्याल का?"

दमयंतीबाईंनी चष्मा खाली केला. "बोलू? फटक्याच्या वेळी?"

"व्हय. ती गप्प उभी राहिली की घरात कुणी गेल्यासारखं वाटायलंय मला."

आपली पिशवी घेऊन उभी असलेली पद्मजा हसली. "माझी काही हरकत नाही. मला सकाळपासून वाटतंय, हे सगळे माझ्यावर चिडलेत."

दमयंतीबाईंनी चष्मा पुन्हा वर केला. मग म्हणाल्या, "आवाज बेताचा हवा."

"अण्णा," आवडी ओरडली, "बोला आता!"

अण्णांनी उपरणं तोंडातून काढलं. "काय बोलू गं?"

"काहीबी बोला!"

ज्या माणसाची आरोळी कुस्तीच्या फडात शेवटच्या रांगेपर्यंत जायची, त्याला एक शब्द सुचेना. त्यांनी डावीकडे पाहिलं, उजवीकडे पाहिलं. दोन्ही पोरगे आपापल्या चपला न्याहाळत होते.

"जेवलीस का?" अण्णा म्हणाले.

लोक हसले. अण्णा कानापर्यंत लाल झाले. "आता अशी परवानगी देऊन कुठं बोलता येतं व्हय!"

तेव्हा सारजाबाईंनी पदर कमरेला खोचला. गुडघ्यात जराशा वाकल्या, एक हात दोरीवर ठेवला, छाती भरून श्वास घेतला आणि खालच्या पट्टीत सुरू झाल्या.

"हुतूतूतूतूतूतू..."

आवडीचे खांदे आपोआप खाली आले. हा आवाज तिच्या ओळखीचा होता. घरी कुठलंही काम सांगितलं की आत्या असाच हुतूतूचा दम धरायची. तो तुटायच्या आत पोरांनी हंडा भरून आणायचा, वासरू बांधायचं, दिवा लावायचा. दम तुटला की पोर बाद. विचार करत उभं राहायला त्यात वेळच नसायचा.

आवडी चेंडूपाशी गेली, पाय रोवले, मारला.

चेंडू निघाला. उतारावर जरा डावीकडे वळला, पुन्हा सरळ झाला, हळू झाला आणि खळग्याच्या अगदी काठावर येऊन थांबला.

सगळ्यांचा श्वास अडकला. फक्त आत्याचा चालू होता.

"तूतूतूतू..."

तिचा चेहरा लाल झाला, मानेच्या शिरा फुगल्या. आवाज बारीक होत होत शेवईएवढा उरला. अण्णांनी तिचा दंड धरला. "अक्का, बास! सोड!" तिनं त्यांचा हात झटकला. डोळे चेंडूवरून काढले नाहीत.

चेंडू कलला आणि आत पडला.

मग मात्र घराण्यानं सकाळपासूनची सगळी उधारी फेडली. फकिरा जीपकडे पळत सुटला. श्रीधर सरांनी आधी कानांवर हात ठेवले, मग तेच हात वर करून तेही ओरडायला लागले. अण्णा हार घेऊन पुढे आले तर आवडीनं तो त्यांच्या हातातून ओढून घेतला आणि दोरीखालून पलीकडे गेली.

आत्या गवतावर बसली होती, छातीवर हात ठेवून धापा टाकत. पद्मजा तिला आपल्या बाटलीतलं पाणी पाजत होती. आवडीनं हार आत्याच्या गळ्यात घातला आणि तिच्या मांडीवर डोकं टेकून रडली.

"बरी आहेस ना गं आत्या?"

"मला काय धाड भरलीय!" आत्यानं पदरानं आधी पोरीचं तोंड पुसलं, मग आपलं. "पण एक सांगते. पुढच्या बारीला चेंडू जरा जवळ आणून ठेवत जा. माझा दम आता लई लांब पुरत नाय."