पाठ उसवलेली फाइल

पोस्टमनच्या मुलीने फाइल टेबलावर ठेवली आणि ती उभीच राहिली. बाइंडर एका वहीचं कव्हर कडक व्हावं म्हणून त्याच्या दोन पुठ्ठ्यांमध्ये जुन्या जाहिरातीचा जाड कागद दाबत होता. हात खळीने बरबटलेले होते, तेवढंच न बोलायला निमित्त. अकरा वर्षांत त्या घरातलं कोणी या दुकानाची पायरी चढलं नव्हतं, त्यामुळे 'बस' म्हणायची सवयच मोडली होती.

"पाठ उसवलीय, काका," ती म्हणाली. "बाबा म्हणायचे, ज्याने बांधली त्यालाच दाखव."

बाइंडरने फाइल ओळखली. न ओळखायला काय झालं? हिरवं कापड, कोपऱ्यांना चामडं, हाताने शिवलेली पाठ. कोर्टाच्या प्रत्येक तारखेला पोस्टमन ती काखेत मारून यायचा, आणि बाइंडर समोरच्या बाकावरून आपल्याच हातची शिलाई बघत बसायचा. एकदा बाइंडरचे वकील ती फाइल वाजवून म्हणाले होते, "दावा ढिला आहे, पण पुठ्ठा काय कडक आहे." सगळे हसले होते. शत्रूच्या काखेत का होईना, आपलं काम टिकलंय याचं बाइंडरला मनातून बरं वाटलं होतं.

भांडण भिंतीचं, असं गल्लीतले म्हणायचे. दोन घरांच्या मधली पुरुषभर उंचीची विटांची भिंत. बाइंडरला तिच्यावर पत्र्याची शेड टेकवायची होती. पोस्टमन म्हणाला, भिंत माझी आहे, नकाशात बघ. घरचे सगळे कागद त्याने महिन्यापूर्वीच बाइंडरकडून या फाइलीत बांधून घेतले होते. फाइल उघडली, तर नकाशा नाही.

"मी तुला दिला होता," पोस्टमन म्हणाला. "बाकीच्या कागदांबरोबर."

"दिलं तेवढं परत केलं."

"मग त्याला काय पाय फुटले? सरळ सांग ना, चोरलास म्हणून."

खरं भांडण तिथे सुरू झालं. भिंत गेली खड्ड्यात. चोर म्हटलेलं बाइंडरच्या जिव्हारी लागलं. तीस वर्षं लोकांचे कागद त्याच्या हाताखालून गेले होते, एक चिठोरा इकडचा तिकडे झाला नव्हता. पोस्टमननेही जन्मभर दुसऱ्यांचे कागद घरपोच केले होते. नेमका त्याचाच हरवावा, हे त्याला पचेना. दोघंही सरळ माणसं. म्हणून तर प्रकरण एवढं लांबलं.

कचेरीतली नक्कल वाळवीने केव्हाच फस्त केली होती. नकाशा नाही म्हणजे पुरावा नाही. निकाल बाइंडरच्या बाजूने लागला. त्या दिवशी कोर्टाच्या पायऱ्या उतरताना पोस्टमनचा पाय अडखळला. बाइंडर शेजारीच होता, पण त्याने हात पुढे केला नाही.

पाच महिन्यांनी पोस्टमन गेला. बायको म्हणाली, "जाऊन या हो. आता कसलं भांडण?"

त्याने चपला घातल्या, दारापर्यंत गेला आणि परत फिरला. "एकदा चुकलं म्हणाला असता, तर गेलो असतो," एवढंच बोलला. त्या दुपारी त्याने तीन पुस्तकं उलटी शिवली.

"बाबांचा एक निरोप होता," मुलगी आता म्हणाली. "जायच्या आदल्या दिवशी बोलले. मलाच यायचा धीर होत नव्हता."

बाइंडर फाइलीचं कापड चाचपत राहिला.

"म्हणाले, काकांना सांग, मी चोर म्हणायला नको होतं. नकाशा माझ्याच हातून कुठेतरी पडला असणार. रागाच्या भरात बोलून गेलो, मग मागे फिरता येईना."

अकरा वर्षं ज्या वाक्यासाठी तो अडून बसला होता, ते असं भरदुपारी घरी चालत आलं. आनंद व्हायला हवा होता. झालं उलटंच. एवढ्याशा वाक्यापायी आपण शेजाऱ्याचं तोंडही शेवटचं बघितलं नाही, याची त्याला लाज वाटली.

"बस, पोरी," तो म्हणाला आणि स्टुलावरची रद्दी खाली सारली. आतल्या दाराकडे तोंड करून त्याने बायकोला चहा टाकायला सांगितलं. "आणि ऐक. भिंत अर्धी तुमची, अर्धी माझी. तसा कागद करून देतो."

"बाबांनी नसता घेतला," ती ओलं हसली. "कोर्टाने दिलीय त्याची आहे, म्हणाले असते."

"तो म्हणायचाच. पण मन मोठं करायला माझीही काही हरकत नाही ना आता?"

त्याला हलकं वाटत होतं. नुसती पाठ कशाला, नवा पुठ्ठाच घालून देतो, म्हणाला. नातवंडांपर्यंत टिकेल असा. त्याने सुरी पुसली, हिरवं कापड कडेने उसवलं, चामड्याचे कोपरे सोडवले. जुनी खळ कुरकुरली. त्याने दोन पुठ्ठ्यांच्या फटीत सुरीचं पातं सरकवलं, तसा वरचा पुठ्ठा अलगद सुटून आला.

मधल्या जाड कागदावर शेजारी शेजारी दोन घरं आखलेली होती आणि त्यांच्यामधली भिंत, लाल शाईने, सगळीच्या सगळी पोस्टमनच्या हद्दीत.