दुसरी बाजू

सत्याहत्तर साली डेनिस हुडाकच्या पंक बँडची पहिली रेकॉर्ड निघाली. क्लीव्हलंडच्या रेडिओवाल्यांनी ती दोन मिनिटांत परत केली. "हा गोंगाट कोण ऐकणार?" ते म्हणाले. आईनं कानात कापूस घातला.

उरले वडील. पोलाद कारखान्यात तीस वर्षं काढलेले, घरात सदा गप्प, त्याच्या एकाही कार्यक्रमाला न आलेले. त्यांनी स्वतः रेकॉर्ड लावली, आवाज पार शेवटपर्यंत चढवला आणि खुर्ची जवळ ओढून बसले. एक बाजू संपली.

"द्या शिव्या, पपा. होऊन जाऊ द्या."

म्हाताऱ्यानं डोळे पुसले. "कारखान्यात माझे कान गेले रे. कुणाला बोललो नाही. आज किती वर्षांनी गाणं ऐकू आलं! दुसरी बाजू लाव."