तुझ्या आत्म्याबरोबर

एक्काहत्तर साली आमच्या नेवाशाजवळच्या चर्चमध्ये उपासनेचं नवं पुस्तक आलं. जुन्या पुस्तकात मंडळी पाळकाला, म्हणजे मला, 'तू' म्हणायची. नव्यात 'तुम्ही' झालं.

प्रभुभोजनाआधी मी म्हणायचो, "प्रभू तुमच्याबरोबर असो." सगळे वाचायचे, "आणि तुमच्याबरोबरही असो." त्यांच्या मागोमाग शेवटच्या बाकावरून एकच आवाज यायचा, "आणि तुझ्या आत्म्याबरोबर."

कोणा म्हाताऱ्याला जुनं पाठ असेल, असं आधी वाटलं. पण तळहातावर तळहात ठेवून प्रभुभोजनाची भाकर घ्यायला त्या बाकावरून कधीच कोणी पुढं आलं नाही.

घंटा वाजवणाऱ्या शांतवनमामांना मी विचारलं, "त्या बाकावर कोण बसतं हो?"

"कुनी न्हाई, साहेब. त्ये रिकामंच असतंय."

"मग आवाज कोणाचा? ऐकलात ना?"

"ऐकला की," मामा सहज म्हणाले. "तुमचाच हाय त्यो."

मला राहवेना. मंगळवारी भर दुपारी एकटाच गेलो आणि त्या बाकावर बसलो. तिथं आवाज कसा घुमतो, एवढंच पाहायचं होतं. समोर वेदीजवळ कोणी नव्हतं.

तिथून शब्द आले, "प्रभू तुमच्याबरोबर असो."

नवं पुस्तक मला तोंडपाठ होतं. तरी माझ्या तोंडून निघालं, "आणि तुझ्या आत्म्याबरोबर."

मग वेदीकडून अनवाणी पावलं वाजत येऊ लागली. दिसत काहीच नव्हतं. पावलं माझ्यासमोर थांबली, तेव्हा माझे तळहात एकावर एक ठेवलेले होते.