पुसण्यापूर्वीचा प्रश्न

लग्नाला पंधरवडाही झाला नव्हता. बंगळुरातल्या चिकपेटच्या घरी नव्या बायकोच्या सामानातून तिचा हातात धरून खेळायचा जुना व्हिडिओ गेम निघाला आणि तो पहिल्यापासून खेळावा, अशी यशोवर्धनला लहर आली. कळ दाबताच पडद्यावर प्रश्न उमटला : ‘शिवानीचा खेळ कायमचा पुसला जाईल. पुसायचा?’

यशोवर्धनचे बोट थबकले. “स्वल्प थांब हं. इतक्या वर्षांची मेहनत तुझी! तुला विचारल्याशिवाय कसं पुसणार?”

“नका पुसू, अहो. तेवढं एक राहू द्या.”



मांडवात ताटभर तांदळांवर ‘भाग्यलक्ष्मी’ हे तिचे नवे नाव लिहिताना हेच सुसंस्कृत बोट कुठेही थबकले नव्हते.