उदाचा धूर

वीरेशची बायको जपानी, तिचे आईबाप पहिल्यांदाच चाकूरला आलेले, म्हणून त्यानं त्यांच्या पद्धतीनं गच्चीवर शेगडी पेटवली. विष्णुपुरीच्या धरणातले मासे, डोंगरातली कर्टुली, जो तो आपापलं जाळीवर भाजून खात होता. वीरेशची आई गुरम्मा मात्र वास दडवायला संध्याकाळपासून जिन्यात उभी राहून उदावर ऊद जाळत होती. त्या घरात कधी अंडंही शिजलं नव्हतं. शेजारच्या नीलाक्कांनी तर सख्ख्या भाच्याला, त्यानं मासे खाल्ले म्हणून, दार बंद केलेलं. गुरम्माचे पाय भरून आले, खोकून खोकून छाती दुखायला लागली. तेवढ्यात भिंतीपलीकडून नीलाक्कांनी विचारलं, “गुरम्मा, काय चालू हाय गं वर?” “पूजा हाय, अक्का.” अक्कांनी आवाज हळू केला. “मग ऊद बास कर आता. धूर सोसत न्हाई तुला. पाव्हण्यांना जेवू दे सावकाश.” गुरम्मा तिथंच पायरीवर टेकली.