मोकळी कड

समुद्रावरून बेटाचा एक सुटा तुकडा सरळ सोनूबाईच्या कडेच्या रोखानेच येत होता. तिने कोयता खाली ठेवला आणि कपाळावर आडवा हात धरून पाहिलं. तुकड्यावर फणसाचं झाड होतं. तिचा नवरा विठू ज्या तुकड्यावर गुरांना पेंढा घालायला गेला आणि तुकडा सुटल्यावर तिकडेच राहिला, त्याच्यावर गोठा होता आणि दोन माड. हा तो नव्हता.

रत्नागिरीसमोरच्या या बेटांचं हे नेहमीचंच. सकाळी गणपतीपुळ्यासमोर असलेलं बेट संध्याकाळी जयगडला जाऊन टेकतं, आणि मध्येच त्याचा एखादा तुकडा सुटून आपल्या वाटेने निघून जातो. मोबाईलच्या नकाशात इथे नुसतं निळं पाणी दिसतं. तलाठ्याने तर केव्हाच हात टेकलेत. पण माणसांनी रिवाज सोडलेला नाही. ज्याचं माणूस तुकड्यावरून गेलं, त्याने तुटलेली कड मोकळी ठेवायची. तिथे गवत नाही, केतकी नाही, दगडांचा गडगा तर नाहीच. उघडा जांभा दिसला तरच गेलेला तुकडा परत येऊन लागतो. सोनूबाई चार वर्षं रोज सकाळी ती कड साफ करत होती. लोक म्हणायचे, बाईला खूळ लागलंय. तिने ते ऐकून घेतलं आणि कोयत्याला नवी धार लावून आणली.

तुकडा हाकेच्या अंतरावर आला. त्यावर दोन शेळ्या घेऊन एक बाई उभी होती. तिने ओरडून नाव सांगितलं, कनीज. तीन बेटांवर विचारून झालं होतं, कुणीही कड द्यायला तयार नव्हतं. पावसाळा आठवड्यावर आला होता, आणि पावसाळी उधाणात सुटा तुकडा टिकत नाही हे इथल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं.

तुकडा घ्यायचा तर कडेवर आपल्या विहिरीचं पाणी ओतावं लागतं. मग जमीन जमिनीला धरते. नाही ओतलं तर तो घासून पुढे जातो. सोनूबाई हंडा घेऊन विहिरीकडे निघाली, तसा तिचा दीर रामा आडवा आला.

"वयनी, ही कड दादाची हाय. हिला दिलीस तर दादा आल्यावर लागंल कुठं?"

खरं सांगायचं तर सोनूबाईला त्या बाईचा रागच आला होता. एवढा समुद्र पडलाय आणि हिला माझीच कड दिसली. तरी विहिरीशी जाऊन तिने दोर हातात घेतला. मग तिने पाणी ओढायला सुरुवात केली.

"भावजी, चार पावसाळे ते जगले असतील तर कुणाच्या तरी कडेला लागूनच ना? तिथंबी कुणीतरी पानी वतलंच असंल. त्येलाबी कुणी आडवलं असंल."

रामा बाजूला झाला.

तिने हंडा कडेवर उपडा केला. जांभ्याने पाणी पिऊन घेतलं, पायाखालच्या जमिनीला हिसका बसला आणि तुकडा लागला. कनीज शेळ्यांना ओढत अलीकडे आली. तिने सोनूबाईचे दोन्ही हात धरले आणि कितीतरी वेळ सोडले नाहीत. सोनूबाई रडली, ते तिने लपवलंही नाही. चार वर्षं राखलेली जागा एका हंड्यात गेली होती.

मग तिने पदराने तोंड पुसलं आणि कनीजच्या तुकड्यावर पाय ठेवला. फणसाखालून ती थेट पलीकडच्या टोकाला गेली. समुद्राकडे उघडी अशी कड आता तीच होती. उद्यापासून ही साफ करायची, तिने ठरवून टाकलं होतं.

पण तिथे साफ करण्यासारखं काही नव्हतं. गवताचं एक पातं नव्हतं. जांभा लालभडक उघडा होता.

"माझा पोरगा, झुबेर," मागून आलेली कनीज म्हणाली. "दोन वर्सं झाली."

सोनूबाई त्या कडेने एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत पावलं मोजत चालली. टोकाला जाऊन वळली, पुन्हा मोजत परत आली आणि कनीजच्या शेजारी उभी राहिली.

"दोगं मावतील," ती म्हणाली.