नवव्या वळणावरचा पाय

"मॅडम, ॲक्सिलरेटरवरचा पाय परत उचलला गेला," रेडिओवर तन्मय म्हणाला. "मी उचलला नाही."

संघाची व्यवस्थापक मृणाल खांडेकर पडद्याकडे बघत राहिली. सलग तिसऱ्या फेरीत नवव्या वळणावर त्याचा वेग एकदम उतरला होता. मागून येणारी गाडी या खेपेला जेमतेम हातभर अंतराने चुकली होती.

"पेडल बिघडलंय," शेजारचा इंजिनिअर म्हणाला.

"पेडल नाही," मृणाल म्हणाली. "तो माझा पाय आहे."

निवृत्त होताना मृणालने आपल्या हातापायांची सवय एका चिपमध्ये उतरवून दिली होती. तीच मानेत बसवून तन्मय गाडी चालवायला शिकला. नोंद तिच्या अपघाताच्या आधीच्या शर्यतींवरून घ्या, असं डॉक्टरांनी बजावलं होतं. पण तिचं विजेतेपद अपघातानंतरचं होतं, आणि तिला विजेती मृणालच जपायची होती. अपघात याच वळणावर झाला होता, आणि त्याची भीतीही चिपमध्ये उतरली होती. तन्मय या ट्रॅकवर पहिल्यांदाच उतरला होता.

गाडी बाहेर काढावी म्हटलं, तरी पिटकडे, म्हणजे गाडी थांबवायच्या जागेकडे, जायचा रस्ता त्या वळणाच्या पलीकडे होता.

"तन्मय, चिप बंद करतेय."

"नको मॅडम. तिच्याशिवाय मी कधी चालवलीच नाही. मला येतं की नाही, हेच मला माहीत नाही."

"मलाही माहीत नाही," ती म्हणाली आणि तिने बटण दाबलं.

आठवं वळण त्याने वेडंवाकडं घेतलं. मग नववं आलं. वेगाचा आकडा तसूभरही हलला नाही, आणि तन्मय पलीकडे निघून गेला.

टेबलाखाली मृणालचा उजवा पाय मात्र जमिनीवरून उचलला गेला होता.